झिऱ्याला पाणी नाही, आये

आये,

तुझ्या कार्याच्या दिवसाला अख्खा पाडा आला होता. जेवून, हात धुऊन एकेक जण माझ्याजवळ यायचा, डोक्यावर हात ठेवायचा आणि एकच सांगायचा, "आम्ही तिला दुखवली नाय हां, मंगळे." बुधीकाकूने तर दोनदा सांगितलं. मोठं पुण्य केल्यासारखं.

तिथे मी ओरडले, पण अर्धंच ओरडले. माणसं जेवायला बसलेली, लहान पोरं बघत होती. उरलेलं सगळं इकडे मोरबीला, कामाच्या गावी घेऊन आले, आणि ते पोटात आंबतंय. म्हणून लिहायला बसले. सातवीपर्यंत शिकलेल्या बाईचं लिहिणं आहे, वाकडंतिकडं असणार. तुला वाचता येत नव्हतं, तेव्हा तुझी तक्रार नसेल.

तू झिऱ्यावर गेलीसच कशाला?

घरात पाणी होतं. आदल्या दिवशी टँकर येऊन विहिरीत पाणी सोडून गेला होता, आणि बुधीकाकूने आपल्याबरोबर तुझंही भरून ठेवलं होतं. तरी वैशाखाच्या भर दुपारी तू चुंबळ घेतलीस, जर्मनचा हंडा घेतलास आणि दरीची वाट धरलीस. झिरा आटला त्याला किती वर्षं झाली? तूच सांगायचीस की तुझ्या लहानपणीच त्याचं पाणी तुटलं होतं. सूर्यमाळच्या आसपासच्या पाड्यांवरची शेंबडी पोरंही सांगतील, त्या कातळाला आता ओल नाही.

आपल्या घरापासून दरीपर्यंत वाटेवर चार घरं आहेत. चारही घरांनी तुला बघितलं.

बुधीकाकू म्हणाली, "कठं चाललीस गे लखमी?" तू म्हणालीस, "झिऱ्यावर. पाणी भरून येते." ती म्हणाली, "हां हां, जा."

लहानूमामा दारात दोरी वळत होता. तो म्हणाला, "बेगीन ये गे."

जीपवाला रामजी फडक्याने काच पुसत होता. त्याने तर विचारलं, "पाणी चांगलं लागलंय का यंदा?" तू म्हणालीस, "लागलंय तर. धार आहे." त्याने मान हलवली.

शेवटच्या घरातल्या म्हातारीने तुला गूळ दिला. पाण्यावर जाणाऱ्याला कोरड्या तोंडानं सोडू नये म्हणून.

चार घरं, आये. आणि एकाच्याही तोंडातून निघालं नाही की बाई, पाणी नाही तिथे. मागे फीर.

संध्याकाळी गुरं घेऊन येणाऱ्यांना तू सापडलीस. कातळाच्या ओठाखाली हंडा लावलेला, बरोबर त्याच जागी, जिथे पूर्वी धार पडायची. आणि तू बाजूला टेकून बसलेली. हंडा भरायची वाट बघत. हंड्यात करवंदीचा पाला उडून पडलेला. जव्हारच्या दवाखान्यात न्यायला रामजीनेच जीप काढली. त्याने खूप घाई केली म्हणे. आता घाई केली!

आपल्या माणसांना हे सांगावं लागत नाही, पण हे वाचणाऱ्याला सांगते. आमच्या घरात जुनं येतं. पाड्यात असंच म्हणतात, "तिला जुनं येतं," जसं कुणाला फिट येते, कुणाच्या अंगात येतं. पण हे अंगात येणं नाही, यात देव नाही की भूत नाही. आईला, आईच्या आईला, तिच्याही आईला जे घडलं ते डोळ्यांपुढे येऊन उभं राहतं, आणि माणूस त्यातच चालू लागतो. बोलतो, हसतो, पाणी भरतो. घटकाभर, कधी अर्धा दिवस. मग परत येतो, दमलेला असतो, नागलीची भाकर मागतो. आमच्यात ते थोरल्या पोरीलाच येतं, एक लेकरू झाल्यानंतर कधीतरी. म्हणून आमच्या घरातल्या थोरल्या पोरी पाड्याबाहेर देत नाहीत, जावई घरात आणतात. कारण जुन्यातली बाई जुन्या वाटेनंच चालते. ती वाट जिथे आहे तिथेच ती राहायला हवी.

आणि दुसरा नियम. जुन्यातल्याला नाय म्हणायचं नाही. तो ज्या नावानं हाक मारील त्या नावाला ओ द्यायची. तो म्हणाला रात्र आहे, तर दिवा लावायचा. नाय म्हटलं तर तो वाट चुकतो, परत येत नाही, असं सगळे म्हणायचे.

मला भिवरीची ओ द्यावी लागायची. भिवरी तुझ्या आजीची धाकटी बहीण, लहानपणीच तापाने गेलेली. मी भाकरी खात असायचे आणि तू दारातून हाक मारायचीस, "भिवरे, चल करवंदाला." मी ओ द्यायचे. तू माझा हात धरून पळायचीस, आये. पळायचीस! माझ्याबरोबर, मंगळीबरोबर, तू कधी पळाली नाहीस. भिवरीच्या केसांत तू फुलं खोवायचीस, भिवरीला पहिलं पिकलेलं करवंद द्यायचीस. मग जुनं ओसरलं की माझ्याकडे बघून म्हणायचीस, "ही फुलं कुणी घातली गे? जा, शेतात राब भाजायला पाला आण." त्या मेलेल्या पोरीचा मी किती राग केला असेल, ते तिलाच ठाऊक. पण खोटं कशाला सांगू, मी वाटही बघायचे. तू कधी जुन्यात जाशील आणि मला भिवरी म्हणशील.

एकदाच नाय म्हटलं मी. आश्रमशाळेतून सुट्टीला आले होते, सहावीत असेन. बाईंनी वर्गापुढे माझा निबंध वाचला होता आणि मला तो तुला वाचून दाखवायचा होता. तू म्हणालीस, "भिवरे, चल." मी म्हटलं, "मी भिवरी नाय. मी मंगळी. आये, माझ्याकडे बघ ना." तू बघितलंस. तुझं तोंड असं झालं जसं कुणी ओळखीच्या घरात शिरावं आणि आत सगळी परकी माणसं बसलेली असावीत. मग तू किंचाळलीस. बुधीकाकू धावत आली, लहानूमामा आला, सगळ्यांनी मला बाजूला ओढलं. "काय केलंस गे सटवे! आता ती येते का नाय मागे?" बुधीकाकूने मला दोन रट्टे दिले आणि मग स्वतःच भिवरी झाली. एवढी जाडजूड बाई, पदर खोचून म्हणते, "चल ताई, करवंदाला." आणि तू गेलीस तिच्याबरोबर.

पुढच्या वर्षी बाप गेला आणि घरात ओ द्यायला कुणी उरलं नाही. सातवीची परीक्षा झाली, मग मी शाळेत परत गेलेच नाही. बाई घरी विचारायला आल्या होत्या. तू तेव्हा अगदी शहाणी होतीस, चांगलं बोललीस, म्हणालीस, "तिची इच्छा असेल तर जाऊ दे की." आणि मीच म्हटलं, नको. बाईंना काय सांगणार होते? की मला एका मेलेल्या मुलीची नोकरी लागली आहे?

पण आये, रागात एक गोष्ट विसरायला नको. अख्खा पाडा तुझ्यासाठी नाटक करायचा. रामजी तुझ्यासाठी कधी सावकाराचा दिवाणजी व्हायचा, कधी तुझा आजा. लहानूमामा तुझा सख्खा धाकटा भाऊ, आणि तू त्याला 'भाऊजी' म्हणालीस की बिचारा लाजून डोकं खाजवत 'हां वैनी' म्हणायचा, आणि आम्ही पोरं पोट धरून हसायचो. शहरात अशा बाईला कोंडून ठेवतात. तुला कुणी दार लावलं नाही. तू हरवलीस असं कधी झालं नाही, कारण जिथे जाशील तिथे कुणीतरी तुझं नातेवाईक व्हायला तयार असायचं. मी ह्या लोकांच्या हाताखाली वाढले. त्यांचं खाल्लंय. म्हणून तर इतका राग येतो. वाईट माणसांवर असा राग येत नाही.

नाशिकच्या डॉक्टरकडे मी तुला नेलं ते लग्नानंतर. त्याने मोठ्या मशीनमध्ये तुझं डोकं घातलं, आणि नाव सांगितलं, आनुवंशिक स्मृतिस्राव. तू म्हणालीस, "एवढं मोठं नाव? ह्यापेक्षा जुनं बरं." डॉक्टर हसला. चांगला होता माणूस. मला म्हणाला, "त्या जे बघतात ते खोटं नाही. ते त्यांच्या आईचं आहे, आजीचं आहे. नाकडोळे येतात तसं आलेलं. पण एक आहे, नाळ तुटली की वाट बंद. मूल जन्मल्यानंतर आईला जे घडतं, त्यातलं काही मुलाकडे येत नाही."

मला लगेच कळलं नाही. परतीच्या एसटीत, तू माझ्या खांद्यावर झोपलेली असताना कळलं. आमच्यात जुनं थोरलीला येतं. म्हणजे जे येतं ते सगळं त्या बाया आई होण्याआधीचं. जुन्यात तू करवंदाला जाणारी पोरगी असायचीस, नवी नवरी असायचीस, पाण्याला जाणारी असायचीस. पण कुणाची आई? कधीच नाही. जुन्यात तुला लेकरूच नसायचं. तिथे मला जागाच नव्हती, आये, आणि तू तिथे आनंदानं जायचीस.

आणि उद्या मला जुनं येईल तेव्हा मला तू मिळशील ती कुठली? जिला मी माहीतच नाही ती. मला शाळेत सोडताना तुला काय वाटलं, मी मोरबीला निघाले तेव्हा जीप वळल्यावर तू रडलीस का, निबंध मी शेवटी तुला वाचून दाखवला तो तुला समजला का, ह्यातलं काही नाही. ते सगळं तुझ्याबरोबर गेलं. माणूस मेलं की सगळ्यांचंच जातं, हे मला कळतं. पण बाकीच्यांना कुणी सांगितलेलं नसतं की आईचं सगळं तुला मिळणार आहे, फक्त तू सोडून.

सुनीलशी लग्न केलं तेव्हा तो घरजावई व्हायला तयार होता. दाभोशाचा, नदीकाठचा माणूस, आपल्या पाड्यावर एक उन्हाळा काढला आणि म्हणाला, "मंगळे, इथे माणसं पाणी पितात कमी, वाहतात जास्त." त्याच्या ओळखीच्या मुकादमाने टाइलच्या कारखान्यात काम दिलं. मी गेले. तू दारात उभी राहून काय बोललीस आठवतं? "तिथं तुला जुनं येईल तवा कठं जाशील? तिथं कोण ओ देईल तुला?"

शाप दिलास की काळजी केलीस, अजून ठरवता आलं नाही. पण त्या दिवसापासून माझी झोप तुटली. इथे आमच्या खोलीच्या फाटकाबाहेर हायवे आहे. दिवसभर टाइलचे ट्रक. जुनी वाट डोळ्यांपुढे आली आणि मी चालू लागले तर दरी लागणार नाही, ट्रक लागेल. रिया झाल्यापासून तर रोज सकाळी उठले की आधी स्वतःचं नाव मनात घेते. मंगळी. मोरबी. रिया शाळेत जाते. मग चहा ठेवते.

म्हणून तुला इकडे आणलं, गोळ्या चालू केल्या. आणि त्या लागू पडल्या गे! अख्खा हिवाळा तुला जुनं आलं नाही. रियाला मांडीवर घेऊन बसायचीस. मी कामावरून यायचे तर तू भिंतीच्या टाइलकडे बघत असायचीस, पांढऱ्या, कोऱ्या.

"काय बघतेस आये?"

"काय नाय. डोक्यात कोणी नाय गे. झाडून नेल्यासारखं झालंय."

"मी आहे ना. रिया आहे."

"तू डोक्यात कठं आहेस? तू तर इथं आहेस. चहा पितेयस."

तेव्हा मी चिडले. म्हटलं, तुला जितीजागती लेक नको, मेलेल्या पाहिजेत. भिवरी पाहिजे तुला. म्हटलं, मी शाळा सोडली तुझ्यापायी, तुला आठवतं तरी का? तू सगळं ऐकून घेतलंस. रियाचे केस विंचरत होतीस, हात थांबला नाही.

"मंगळे," तू म्हणालीस, "ते कठं जातील? तुला पाय आहेत, तू मोरबीला आलीस. त्यांना माझ्याशिवाय जागा नाय."

ह्यावरचं उत्तर मला आता सुचतंय. आये, माझे पाय होते, पण मलाही तुझ्याशिवाय जागा नव्हती. हे मी बोलायला हवं होतं की तुला आपोआप कळायला हवं होतं? होळीला तू गावी गेलीस आणि गोळ्या बंद केल्यास. फोनवर सांगितलंससुद्धा, लपवलं नाहीस. "आलं गे परत," म्हणालीस, माहेरचं कुणी आल्यासारखी. मी फोन ठेवला. पुढे आपण बोलत राहिलो, भाव काय, ऊन किती, रिया खाते का. पण ते भांडण तिथेच राहिलं, तोंड उघडं टाकून.

आता तुझ्या दिवसाला काय झालं ते सांगते.

बुधीकाकू दुसऱ्यांदा म्हणाली, "आम्ही तिला दुखवली नाय," आणि माझा हात तिने धरला, आणि माझ्या डोक्यात काहीतरी तडकलं. मी म्हटलं, "दुखवली असतीस तर बरं झालं असतं काकू."

"असं नको बोलू."

"का नको? वैशाखात, भर दुपारी, कोरड्या कातळाकडे बाई चाललीय आणि तुम्ही म्हणता जा? तू म्हणालीस जा?"

"ती जुन्यात होती गे! नाय म्हटलं असतं तर..."

"तर काय? वाट चुकली असती? मेली असती?"

लहानूमामा उठला. "मंगळे, बस खाली. हे आजकालचं नाय. बापजाद्यांचं आहे."

"मामा, तू म्हणालास बेगीन ये. कुठून बेगीन ये? कातळावरून?"

"मग काय बोलायचं होतं?"

"एक शब्द! पाणी नाय, एवढंच. आणि तिच्या हातातला हंडा काढून घ्यायचा. रामजीदादा, तू तर हौसेनं विचारलंस, पाणी कसं लागलंय!"

रामजी खाली बघत होता. म्हणाला, "हसली गे ती. धार आहे म्हणाली न् हसली. इतकी खुशीत होती. कसं बोलू मी."

आणि आये, हेच मला सगळ्यात जास्त लागलं. मला दिसली तू, हसणारी. धार आहे! तुझ्या आजीच्या वेळची थंडगार धार तू बघत होतीस, हंडा भरताना होणारा आवाज ऐकत होतीस, आणि तिकडे तुझी जीभ टाळूला चिकटत होती. एवढ्या मायेच्या माणसांनी तुला मारलं. मी तिथे तसंच बोलले. बाया रडायला लागल्या. लहानूमामा म्हणाला, "शहरात जाऊन पोरीचं तोंड फाटलं." मी म्हटलं, फाटू दे. बुधीकाकू उठली. तिने माझं ताट उचललं आणि घासायला घेऊन गेली. निघताना जीपपाशीही आली नाही.

परत आल्यावर सुनीलने गोळ्यांचं पाकीट कपाटावर ठेवलं. डॉक्टरने मलाही लिहून दिल्या होत्या, लक्षण दिसलं की चालू करा म्हणून. "दिसेपर्यंत थांबायचं कशाला?" सुनील म्हणाला. मी रोज ते पाकीट बघायचे. घ्यायच्या म्हणजे तू कधीच येणार नाहीस. नाही घ्यायच्या म्हणजे एक दिवस रिया माझी भिवरी होईल.

मागच्या रविवारी आलं.

मी बाहेर कपडे वाळत घालत होते. हातात बादली होती, आणि बादलीचा हंडा झाला. ऊन तसंच होतं, पण पायाखाली दरीची वाट. आणि पोट! एवढं मोठं पोट, गे, कमरेला कळ लागलेली, मांड्या एकमेकींना घासत होत्या. मी तू होते. आणि तुझ्या पोटात मी होते.

मागून तुझ्या आईचा आवाज येत होता, पोरीसारखा लाडिक, जुन्यातला, "झिऱ्याचंच आण हां, दुसरं नको." आणि वाटेवरची घरं, तेव्हाची, कुडाची, आणि दारांतून माणसं म्हणत होती, जा गे, आण, आण. सगळ्यांना माहीत होतं. तुलाही. कुणी नाय म्हणायचं नव्हतं, म्हणून भरल्या दिवसांची बाई कोरड्या झिऱ्यावर निघाली होती.

तू कातळापाशी पोचलीस. हात लावलास. तापलेला. आणि आये, तू शिव्या दिल्यास! मी तुझ्या तोंडून आयुष्यात शिवी ऐकली नव्हती. आईला दिल्यास, पाड्याला दिल्यास, जुन्याला दिल्यास. "मेला तो 'हो'! मेलं तुमचं 'हां हां'!" हंड्याला लाथ मारलीस, तो खडकावरून ठणठणत खाली गेला. तुझ्या छातीत जे पेटलं होतं ते मी ओळखलं. तोच राग. तुझ्या दिवसाला माझ्या छातीत होता तोच. मला वाटत होतं तो माझा आहे.

मग तू खाली बसलीस, दोन्ही हात पोटावर ठेवलेस आणि माझ्याशी बोललीस. माझ्याशी, आये. भिवरीशी नाही.

"बघ," म्हणालीस. "पाणी नाय. तू तरी ध्यानात ठेव."

तेवढ्यात माझा झगा कुणीतरी खाली ओढला. "मम्मी! मम्मी, किधर?" मी फाटकाबाहेर होते. पुढे हायवे. रिया एका हाताने फाटकाला धरून, दुसऱ्याने मला ओढत होती.

मी म्हटलं, "पाणी आणायला." बोलले मी; पण आवाज तुझा होता.

तिला कुणी नियम शिकवलेला नव्हता. पाच वर्षांची पोर, वैतागून म्हणाली, "उधर पानी नहीं है! घरी नळ आहे ना!"

मी वाट चुकले नाही, आये. किंचाळले नाही. तिचं 'नहीं' कानात पडलं आणि कातळ, दरी, पोट, सगळं पाण्यावरच्या तेलासारखं बाजूला सरलं, आणि समोर ती. नाकात शेंबूड. मी सहावीत असताना तुला नाय म्हटलं तेव्हा तू किंचाळलीस ते खरं. पण तू माझ्याकडे बघितलंही होतंस. क्षणभर बघितलंस. आणखी थोडा वेळ मला कुणी ओढलं नसतं तर? मला माहीत नाही. आता कधीच कळणार नाही. सगळ्यांना एवढी घाई का होती?

गोळ्या अजून कपाटावरच आहेत. सुनीलला सांगितलंय, ज्या दिवशी रियाचं 'नाही' मला ऐकू येणार नाही, त्या दिवशी तू स्वतः उघड. तोपर्यंत नको. आये, तुझी ती शिवी मला पुन्हा ऐकायची आहे. फाटकाला त्याने आता कडी बसवलीय, आणि शेजारच्या गुजराती भाभीलाही सांगून ठेवलंय. ती म्हणाली, "ना कहना है? बस? वो तो मैं रोज कहती हूँ." भीती गेली नाही. सकाळी उठून अजून नाव घेते.

आणि काल दुपारी मी बुधीकाकूला फोन केला. तिकडे रेंज नसते, ती टेकाडावर चढून आली असणार, धापा टाकत होती. मग मी म्हटलं, "काकू, मला जुनं आलं."

"अगे माय!" ती म्हणाली. "मग ये ना इकडं. तिथं कोण आहे तुझं? आम्ही आहों इथं, ओ द्यायला..." आणि थांबली.

"येईन," मी म्हटलं. "दिवाळीला येईन. पण ओ नको देऊ. मला एक शब्द बोलून दाखव आत्ता."

"काय बोलू?"

"मी म्हणते, तू उत्तर दे. काकू, मी झिऱ्यावर चाललेय. पाणी भरून येते."

वारा ऐकू येत होता, टेकाडावरचा. मला वाटलं रेंज गेली. आयुष्यभर त्या बाईने तुला हां म्हटलं होतं, आये. भिवरी झाली, सासू झाली, सवत झाली, तुझ्यासाठी करवंदाला पळाली. तिच्या तोंडाला तो शब्द सवयीचा नव्हता.

"काकू, मी चालले."

"नाय," ती म्हणाली. आधी बारीक. मग असं ओरडली की खाली पाड्यापर्यंत गेलं असेल. "नाय गे पोरी! नाय! पाणी नाय तिथं, मागं फीर!"

मग रडली. मीही रडले, तू गेल्यानंतर पहिल्यांदा.

तुझ्या वाटेवर चार घरं आहेत, आये. त्यातल्या पहिल्या घराला आता बोलता येतं.